राजपुत्राच्या तोंडचं वाक्य

प्रिय दादा,

तुझ्या 'मांगा' या जपानी धाटणीच्या चित्रकथेची नवी पानं मिळाली. नेहमीसारखी फुग्यांत तू लिहिलेले संवाद भरायला बसले. राक्षसाच्या चाबकाखाली लहानाचा मोठा झालेला तुझा राजपुत्र आता गादीसाठी स्वतःच्या बायकोला त्याच राक्षसाच्या हवाली करतो आणि वर तिलाच म्हणतो, "तूच मला हे करायला लावलंस."

हे वाक्य बाबांचं आहे रे. पट्टा काढताना ते हेच म्हणायचे, आणि तू मला मागे ढकलून एकटा मार खायचास.

राजपुत्राच्या आधीच्या गुन्ह्यांवर वाचक लिहितात, बिचाऱ्याने किती सोसलंय, त्याला माफ करा. मीही तुझं सगळं असंच पोटात घालत आले. पण काल वहिनी सुजलेला गाल घेऊन माझ्याकडे आली. मी विचारलं, "मारताना काय म्हणाला?" तर तिनेही हेच वाक्य सांगितलं.

दादा, मी थकले. तुझ्या पाठीवरचे वळ आठवले की तुझा धड रागही येत नाही. ती इथे आहे हे तुला कळू नये, म्हणून हे पत्र टाकणार नाही. पण शोधत आलास, तर मी दार उघडणार नाही.

तरीही तुझीच,
धाकटी