घर कोणाकडे आहे?

तीर्थस्वरूप ताईंना,

धाकट्या बहिणीच्या नवऱ्याचा वाकून नमस्कार. गुडघा कसा आहे? (प्रश्न मनापासून आहे. उत्तर मात्र सविस्तर नको, धाकटीला कळवा, ती मला सारांश सांगेल.) साडूभाऊंचा चष्मा तयार आहे. यावेळी काड्या अशा बसवल्यात की त्यांनी त्यावर पुन्हा बसकण मारली तरी चष्म्याला काही होणार नाही, साडूभाऊंचं मात्र सांगता येत नाही. इकडे सगळे सुखरूप आहेत. फोन सोडून पत्र का, असं तुम्ही विचारालच. तर ताई, फोनवर तुमच्यापुढे मला एक वाक्य धड पुरं करता येत नाही. तुम्ही आपल्या वडिलांची मुलगी शोभता. येत्या रविवारी गाडी घेऊन येते आणि बाबांना कायमचं माझ्याकडे नेते, एवढं बोलून तुम्ही फोन ठेवलात, आणि मी पुढचा अर्धा तास ठेवलेल्या फोनला होकार देत होतो.

तर माझा होकारच आहे. तुमचं घर तळमजल्यावर, दिमतीला बाई, दवाखाना हाकेच्या अंतरावर. आमच्याकडे वर घर, खाली चष्म्याचं दुकान आणि मध्ये तो जिना. बाबांची बॅग धाकटीने भरून ठेवली आहे. पण आमच्या धंद्यात एक रीत आहे, माल हाती देण्याआधी गिऱ्हाइकाला त्याची नीट कल्पना द्यावी. तुमचे वडील तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहेत हे कबूल, पण तुम्ही लग्न होऊन गेलात तोवर ते बहुतेक समुद्रावर असत. घरात मुक्कामाला असलेले बाबा हा अनुभव माझा आहे.

त्यांना मी पहिल्यांदा पाहिलं ते सासरे म्हणून नव्हे, गिऱ्हाईक म्हणून. दुकानात आले, खुर्चीत ताठ बसले, आणि मी काही विचारायच्या आत तक्त्यावरची सगळ्यात खालची ओळ वाचून मोकळे झाले, जी मला स्वतःला पाठ आहे म्हणून वाचता येते. मग आरशातून मागच्या रस्त्यापलीकडच्या औषधाच्या दुकानाची पाटी उलटी वाचली. मी म्हटलं, आपल्याला चष्म्याची गरज नाही. ते म्हणाले, ठाऊक आहे, मी तुम्हाला बघायला आलो होतो. (धाकटीने तोवर आमचं लग्न ठरवून टाकलं होतं, हे मला नंतर कळलं.) त्या दिवशी माझी जी बोबडी वळली ती अजून पुरती सरळ झालेली नाही. आमच्या बैठकीच्या खोलीत त्यांच्या विनाशिकेचा, म्हणजे नौदलात ते ज्या लढाऊ जहाजाचे कप्तान होते त्याचा, फोटो आहे. त्यात जहाज अंगठ्याएवढं आहे आणि बाबा म्हणजे त्यावरचा एक ठिपका. तरी त्या ठिपक्यासमोर आलेला माणूस आपोआप पोट आत घेतो. मी तर पाय हलवत चहा पिणंसुद्धा सोडलं. पहिल्या सफरीत हेच बाबा बंदर सुटल्यापासून बंदर लागेपर्यंत ओकत होते, असं ते स्वतः सांगतात, आणि त्याच अंगाने पुढे आख्खी विनाशिका हाकली. बारा गावचं पाणी प्यायलेले लोक मी पाहिलेत, पण हे निराळं पाणी आहे.

आता त्या 'ताब्या'च्या शिस्तीबद्दल. तुम्ही त्यातच वाढलात. मी मात्र लहानपणापासून 'कुणीतरी बघेल' या पंथातला. जहाज कुठल्याही क्षणी एकाच माणसाच्या ताब्यात असतं, दोघांच्या नाही आणि कुणाच्याच नाही असं तर कधीच नाही. देणाऱ्याने 'जहाज तुमच्याकडे' म्हणायचं आणि घेणाऱ्याने 'जहाज माझ्याकडे' असं मोठ्याने म्हणायचं, तेव्हा ताबा बदलला. बाबा इथे राहायला आल्यापासून हे आमच्या दोन खोल्यांना लागू झालं. धाकटी अंघोळीला निघाली की दारातून 'घर तुमच्याकडे' म्हणते आणि बाबा पेपर खाली करून 'घर माझ्याकडे' म्हणतात. पाहुणे हसतात. मीही हसायचो, आणि माझी पाळी आली की नुसतं 'हं' म्हणायचो.

त्या 'हं'ची गोष्ट तुम्हाला अर्धीच ठाऊक आहे. एका सकाळी धाकटी कामाला निघताना चपला घालत 'घर तुमच्याकडे' म्हणाली, मी तोंडाला साबण फासलेल्या अवस्थेत 'हं' म्हणालो, तोंड धुऊन खाली दुकानात आलो आणि गच्चीवर पाणी चढवणारी मोटर तशीच चालू राहिली. टाकी भरली, वाहिली, पाणी जिन्याच्या पायऱ्या रीतसर उतरत दुकानात आलं. मी एका गिऱ्हाइकाच्या डोळ्यांवर काच चढवून विचारत होतो, आता स्पष्ट दिसतं का? तो म्हणाला, दिसतं, पाणी दिसतं. एवढ्यात बाबा फिरून आले आणि उंबऱ्यात उभे राहिले. ताई, हा माणूस ओरडत नाही. ते हळू बोलतात आणि ऐकणारे पळतात. शेजारच्या शिंप्याला (ज्याने आजवर एक सदरा दिल्या वेळेला दिलेला नाही) त्यांनी मोटर आणि विजेचं मुख्य बटण बंद करायला पिटाळलं आणि तो चक्क पळाला. माझं गिऱ्हाईक नाकावर तपासणीची जाड चौकट तशीच ठेवून बादल्यांच्या रांगेत उभं राहिलं. रस्त्यावरची, ओळखीदेखीची नसलेली माणसं रांगेत आली. मला पायपुसणं मिळालं. पाहता पाहता दुकान कोरडं झालं, आणि खरं सांगतो, नुकसान मोजायचं सोडून मी त्यांच्याकडे आ वासून बघत राहिलो. मग त्यांनी विचारलं, मोटर कोणी चालू ठेवली असं नव्हे, तर घर कोणाकडे होतं? मी पायपुसणं पिळायला घेतलं. शेवटी तेच म्हणाले, जावईबापू, 'हं' म्हणजे घेतलं नव्हे. एवढंच. त्यापेक्षा चार शिव्या परवडल्या असत्या.

यानंतरची गोष्ट म्हणजे ते जळलेलं पातेलं, ज्यावरून तुम्ही बाबांना न्यायचं ठरवलंत. त्या दुपारी घर बाबांकडे होतं. त्यांनी दूध ठेवलं आणि विसरले. धूर खाली दुकानापर्यंत आला. मी धापा टाकत वर पोचलो तर विस्तव विझवलेला, ओल्या टॉवेलखाली काळं पातेलं, जळका पडदा बादलीत, आणि बाबा स्वयंपाकघराच्या मधोमध ताठ उभे. म्हणाले, घर माझ्याकडे होतं, दूध मी ठेवलं, विसरलो. वय झालं, डोळा लागला, बेल वाजली, असलं एकही निमित्त नाही. मग माझ्याकडे बघून म्हणाले, घर तुमच्याकडे. आणि मी काय म्हणालो? मी म्हणालो, अहो बाबा, असू द्या हो, चालायचंच. ते खिडकीजवळच्या खुर्चीत जाऊन बसले आणि पेपर तोंडावर घेतला. तेव्हापासून ते तसेच आहेत. जेवायला हाक मारली की येतात, जेवतात, पुन्हा पेपरामागे. सकाळी दुकानातल्या चौकटी एका रेषेत आहेत की नाहीत ते बघायला येत, तेही बंद. आम्हाला वाटलं रुसले, मग वाटलं खचले, मग धाकटी रडली आणि तिने तुम्हाला फोन केला.

मी तुमच्याशी सहमत होतो तो इथवर. पण परवा दुकानापुढे एक मोठी गाडी थांबली आणि पांढऱ्या केसांचे एक गृहस्थ उतरले. ते निवृत्त ॲडमिरल निघाले. एकेकाळी बाबांच्या विनाशिकेवरचे सगळ्यात कोवळे अधिकारी. बाबांना भेटले, पेपरामागून दोन शब्द मिळाले, आणि उतरून माझ्या तपासणीच्या खुर्चीत बसून राहिले. मी म्हटलं, बाबा असे कधी नव्हते. ते म्हणाले, असे मी त्यांना एकदा पाहिलं आहे, आणि वादळाची गोष्ट सांगितली, जी बाबांनी आपल्या कोणालाच कधी सांगितली नाही. एक मालवाहू जहाज इंजिन बंद पडून खडकांकडे वाहत चाललेलं. बाबा आपली पातळ पत्र्याची विनाशिका त्याच्या अंगाला पुन्हा पुन्हा नेत होते, आणि दर खेपेला वरचे काही लोक जीव मुठीत धरून इकडे उडी मारत होते. एका लाटेने बाबांना लोखंडावर आपटलं. कपाळ फुटलं, डोळ्यांत रक्त, दिसेना. त्यांनी शेजारच्या त्या कोवळ्या पोराला सांगितलं, जहाज तुमच्याकडे. पोर म्हणालं, जहाज माझ्याकडे. यानंतर बाबा कोपऱ्यात खाली बसले आणि टोपी तोंडावर घेतली. ॲडमिरल म्हणाले, मी सारखा वळून बघत होतो, नुसतं डावं-उजवं तरी सांगतील म्हणून. चकार शब्द नाही. एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत, ते एक शब्द बोलले असते तर मी त्यांच्या तोंडाकडे बघत जहाज खडकावर घातलं असतं. शेवटचा माणूस इकडे आला तेव्हा विनाशिकेची एक बाजू चेपली होती. चौकशीत बाबांना विचारलं, अशा वेळी जहाज पोराच्या हाती का दिलं? ते म्हणाले, जहाज योग्य हातात होतं. बस. त्यापायी त्यांची बढती अडली, त्याचा उच्चार नाही. त्या पोराने पुढे किती अधिकारी घडवले आणि त्या अधिकाऱ्यांनी आणखी किती, ते सगळे आज विनाशिकांवर हाच धडा गिरवतात. ताई, ॲडमिरल हे सांगत असताना माझ्या हातातली काच खाली पडून फुटली आणि मला ती उचलायचं सुचलं नाही.

असो. पत्र लांबलं. बाबांची बॅग तयार आहे, गाडी दुकानासमोरच लावा, शिंप्याला जागा रिकामी ठेवायला सांगितलं आहे. साडूभाऊंना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुमचा आज्ञाधारक (म्हणजे घाबरट)
चष्मेवाला

ता. क. बॅगेत साडूभाऊंचा चष्मा ठेवणार होतो, पण आता तो कुरिअरने पाठवतो. कारण पुढे पाहा.

ता. क. २. ताई, बॅग तयार आहे हे वर भीतीपोटी लिहिलं, ती धाकटीने कालच उपसली. रविवारी जरूर या, जेवायला या, पण बाबांना नेऊ नका. ते रुसलेले नाहीत, खचलेलेही नाहीत. त्यांनी ताबा दिला आहे आणि टोपी तोंडावर घेऊन बसले आहेत. घ्यायला मात्र कोणी पुढे झालं नाही. त्यांना असे अर्ध्यावर सोडून तुमच्या गाडीत बसवलं तर मला जन्मभर झोप लागायची नाही. एवढं मागण्यासाठीच हे चऱ्हाट.

ता. क. ३. (या घरातून जाणारं पत्र कप्तानाला दाखवावं लागतं. पुढचं त्यांच्या अक्षरात आहे.) वाचले. वादळ इतके मोठे नव्हते. मी कुठे राहायचे ते ज्याच्याकडे घर आहे त्याने ठरवावे. घर कोणाकडे आहे, हे अजून कोणी बोललेले नाही.

ता. क. ४. ताई, हे वाचून मी दुकान गिऱ्हाइकासकट उघडं टाकून वर गेलो. त्यांच्या खुर्चीपुढे ताठ उभा राहिलो, पोट आत घेतलं, आणि शिंप्याला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने म्हणालो, घर माझ्याकडे. बाबा इथेच राहतील. पेपर खाली आला. ते उठून उभे राहिले, माझ्याकडे पाहिलं, आजवर कधी पाहिलं नव्हतं तसं, आणि पहाऱ्यावरचा खलाशी कप्तानाला सांगतो त्या आवाजात म्हणाले, "कळवतो. टाकी भरून वाहते आहे."