बाटलीवरची म्हातारी

सतरा तारीख, मंगळवार, दुपारची जेवणं उरकल्यावर

चिरंजीव भिंगरीस,

आजीचे ओंजळभर आशीर्वाद. मी बरी आहे. गुडघे आपापल्या जागी आहेत, फक्त माझं ऐकत नाहीत. या घरात कुणीच कुणाचं ऐकत नाही, मग त्यांनीच का ऐकावं?

अक्षर बघून दचकली असशील. नेहमी लिहून देते ती खालची शिंपीण बाहेरगावी गेलीय, म्हणून तुझ्या बापाला बसवलंय. तो म्हणाला, "तिला लिहायला माझ्याकडे काही नाही." मी म्हटलं, "तुला कुणी विचारलंय? सांगणारी मी. तू नुसता हात." हेही त्याने उतरवलंय की गाळलंय, मला काय कळतंय. अक्षर येत नसलं की माणसावर विश्वास ठेवावाच लागतो.

इकडची बातमी म्हणजे तेच ते. खाली कारखान्यात बिअरच्या टाक्या चकाचक आहेत. तुझा बाप सकाळी जिना उतरतो, संध्याकाळी चढतो. बिअरसाठी सातूचा माल्ट शिजायला लागला की वास वर माझ्या खोलीत येतो, तेवढीच सोबत. जेवताना तो ताटाशी बोलतो आणि मी भिंतीशी. भिंत जरा बरी, मध्येच उठून जात नाही. तुझ्या खोलीत रिकामे क्रेट रचलेत. तो तिला आता कोठी म्हणतो. मी अजून "भिंगरीची खोली" म्हणते, मग तो भाजीत मीठ कमी आहे म्हणतो.

तू फोनवर "बरी आहे, जेवले, ठेवते" एवढंच बोलतेस. नवी नोकरी कशी, खोलीला खिडकी आहे का, विचारायच्या आत फोन बंद. अकरा महिने झाले. मी बोटं मोजते, अक्षरं येत नसली तरी बोटं आहेत.

आता मुद्द्याचं. त्याच्या हातात पेन आहे तोवर सांगून टाकते.

तू त्या सिनेमाच्या जाहिरातीच्या कामावर होतीस. सिनेमाच्या नावाची बिअर आपल्याकडे काढायची, त्यांच्या पोस्टरवर आपलं नाव, आपल्या बाटलीवर त्यांचं चित्र. ही शक्कल तुझी. तुझा बाप आठवडाभर शीळ घालत हिंडत होता. हे लिही रे, घालत होतास. एवढ्याशा कारखान्याला सिनेमावाले विचारतात, आणि मध्यस्थ कोण, तर पोटची पोर.

त्या संध्याकाळी तू जेवणाच्या टेबलावर चित्रं मांडलीस. पिवळ्या फाइलीत तीन, बाबांनी त्यातलं एक निवडायचं. बंदूक घेतलेला तो दाढीवाला, पळणारी पोरगी आणि कुलूप लावलेलं दार. चौथं चित्र तू बाजूला, तुझ्या बॅगेत ठेवलंस. जिन्यावर उभी असलेली म्हातारी. मला म्हणालीस, "आजी, हे कुणाला दाखवायचं नाही हं. जाहिरातीत हिच्या फोटोला हार दिसणार, सगळ्यांना वाटणार ही मेलीय, आणि शेवटी ही अशी जिवंत निघते. हेच तर गुपित आहे." मग तुझा फोन वाजला आणि तू गॅलरीत गेलीस.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. बापाने फाइलीतली म्हातारी उचलली आणि छापखान्यात दिली. तू प्रवासात होतीस, "बाबांनी पाहिलंय ना, मग झालं," म्हणालीस. सिनेमा लागायच्या आठ दिवस आधी बाटल्या दुकानांत गेल्या आणि गावभर झालं की म्हातारी जिवंत आहे. सिनेमावाल्यांनी तुला काढलं. बाटल्या परत आल्या. तू म्हणालीस, "बाबा, तुम्ही ते माझ्या बॅगेतून घेतलंत." तो म्हणाला, "तूच फाइलीत घालून दिलंस. आता माझ्यावर ढकलू नकोस." तू बॅग भरलीस. दार आपटलं नाहीस, हळूच लावलंस. मला ते जास्त लागलं.

दोघंही खरं बोलत होतात, भिंगरे. खोटी तिसरीच होती, आणि ती खाली मान घालून शेंगा सोलत बसली होती.

चित्र मी बदललं. फाइलीतलं कुलूपवाल्या दाराचं चित्र काढून तुझ्या बॅगेत सरकवलं आणि बॅगेतली म्हातारी फाइलीत घातली. चुकून नाही. तू काय बजावलंस ते ऐकलं होतं, समजलंही होतं.

का, ते सांगायला जीभ रेटत नाही. सगळीकडे पोरीबाळी आणि दाढीवाले, मला वाटलं, एखाद्या बाटलीवर आमच्या वयाची बाई असू दे. ही झाली वरवरची गोष्ट. खरी अशी की माझ्या बरोबरीचं आता कुणी उरलेलं नाही. ती जिन्यावर अशी उभी होती, जणू कुणीतरी हाक मारेल म्हणून थांबलीय. मला वाटलं, घरात येऊ दे तिला. एवढीच अक्कल.

आली की मग. क्रेटच्या क्रेट भरून आली. तुझा बाप बाटल्या कोमट पाण्यात बुडवायचा आणि मी नखाने लेबलं सोलायची. तिचं तोंड किती वेळा खरवडलं, गणती नाही. तो शेजारीच बसलेला असायचा. तेव्हा सांगायला हवं होतं. वाटलं, तू गेलीस, आता हाही तोंड फिरवेल, मग मी कुणाजवळ राहू? म्हणून गप्प राहिले. माझी भीती मी जपली आणि तुमचं घर मोडलं.

लिहिणारा थांबला होता. पेन ठेवून खाली गेला. बऱ्याच वेळाने वर आला, हात ओले होते. म्हणाला, "पुढे सांग."

पुढे हे की शिंपीण कुठेही गेलेली नाही. खाली तिचं मशीन चाललंय, मला इथे ऐकू येतंय. दोघांना दोनदा सांगायचं बळ नव्हतं, म्हणून एकाच्या हातून दुसरीला सांगितलं. म्हातारी लबाड आहे, हे तुम्हाला नवं नाही.

माफ कर म्हणत नाही. तुम्ही दोघं माझ्यावर रागवा, हक्क आहे तुमचा. फक्त एकत्र बसून रागवा. एकेकट्याने रागावलात, तर मला कुणाचंच ऐकू येणार नाही.

पान अजून थोडं उरलंय म्हणतो. ते त्याचं. त्यात काय लिहिलं ते मी कुणाकडूनही वाचून घेणार नाही. मी आता उठते.

तुझी,
गुन्हा कबूल असलेली आजी
(अंगठा तिचाच आहे)

आईने सांगितलं तसंच लिहिलं, काही गाळलं नाही. तू खोटं बोलत नव्हतीस. रविवारी सकाळी तिला घेऊन तुझ्याकडे येतोय. तिला अजून सांगितलेलं नाही.
बाबा