हरणावरची गोचीड

तीर्थरूप एर्मिलोदादास,

धाकट्या फिलिबेर्ताचा नमस्कार. (वाकून केलेला नाही. कंबर धरली आहे, कारण पुढे येतंच.) तुझी तब्येत कशी आहे? वहिनींची साखर उतरली का? मेरिदात उकडत असेलच. तुम्ही शहरातली माणसं उकाड्याबद्दल तक्रार करायलाच तिथे राहता. इकडे सगळं ठीक. टर्की चार उरल्या. पाचवी आपल्या पायांनी चालत शेजारच्या एल्सीबाईंच्या हंडीत गेली, असं एल्सीबाईंचं म्हणणं आहे. तुला फोनच करणार होते, पण तू फोन तोंडासमोर धरून ओरडतोस, आणि पुढची हकीकत तुझ्या अख्ख्या गल्लीनं ऐकावी अशी नाही.

तुझ्या भाचीला, आपल्या लान्दीला, मागणी येणार आहे. मुलगा आपल्याच भागातला, पलीकडच्या गावचा. नाव विल्बेर्त. आडनाव पेच. आता तू हसशील. मीही आधी हसले, मग रडू आलं. लान्दीचे वडील (देव त्यांना वर तरी वेळेवर जेवायला घालो) केह. आपल्या भाषेत पेच म्हणजे गोचीड आणि केह म्हणजे हरण. उद्या या दोघांना मूल झालं की त्याला बापाचं आडनाव आधी आणि आईचं नंतर लागणार, म्हणजे पेच केह. हरणावरची गोचीड! शाळेत मास्तर हजेरी घेतील आणि अख्खा वर्ग पाठ खाजवत बसेल. लान्दीला हे सांगितलं तर म्हणते, "आई, तू स्वतः कानुल, तुला कुणी काही बोललंय का?" दादा, आपल्या आडनावाचा अर्थ राखणदार असा होतो. त्यात बोलण्यासारखं काय आहे?

पण आडनावाचं मी एकवेळ गिळलं असतं. खरी भीती वेगळी आहे. हा मुलगा वाटाड्या आहे. किनाऱ्यावरच्या एका कंपनीची गाडी परदेशी लोकांना भरून आणते, आणि हा त्यांना दिवसभर आपली पडकी देवळं दाखवून आपल्या डोहांत बुचकळून परत पाठवतो. आणि किनाऱ्याचं पाणी लागलेलं मूल घरी परत येत नाही हे तुला मी काय सांगू? एल्सीबाईंचे तिघेही गेले. सुरुवातीला दर रविवारी यायचे, मग दर सणाला, आता पिशवीभर टॉवेल पाठवतात, हॉटेलचं नाव छापलेले. माझी एकच मुलगी आहे. झोपायची झोळी विणताना समोरचं टोक तीच धरते. ती गेली तर मी टोक खुंटीला बांधीन, तेही जमेल, पण खुंटी संध्याकाळी माझ्याशी भांडणार नाही. मला ती इथे हवी आहे, आणि त्यासाठी मी वाटेल ते करायला तयार होते.

म्हणून ठरवलं की मुलाला आधी त्याच्या कामावर बघायचं, त्याला न कळता. माणूस मागणी घालायला येतो तेव्हा धुतलेला असतो. एल्सीबाईंची भाची वायादोलिदला एका हॉटेलात गल्ल्यावर बसते. त्या हॉटेलातल्या एका नॉर्वेच्या बाईनं आदल्या संध्याकाळी हाबानेरो मिरचीची चटणी टोमॅटोची समजून चमच्यानं खाल्ली होती, आणि दुसऱ्या दिवशी तिला खोली सोडून कुठेही जाणं शक्य नव्हतं. विल्बेर्तच्या गाडीतली तिची जागा मला मिळाली. लान्दीची पँट घातली (छप्पन्न वर्षांत पहिल्यांदा, पुरुष दिवसभर यात कसे राहतात देव जाणे), काळा चष्मा लावला, आणि हॉटेलच्या दारात परदेशी चेहरा करून उभी राहिले.

मुलगा गाडीतून उतरला. बरा आहे दिसायला, कान जरा मोठे. छातीवरच्या बिल्ल्यावर नाव 'बालाम', म्हणजे वाघ! गोचिडीचा असा एकदम वाघ झालेला मी प्रथमच पाहिला, आणि तिथेच त्याचे दहा मार्क कापले. आम्ही चढल्यावर त्यानं यादी वाचली. "इन्ग्रिड हाल्वोर्सेन, नॉर्वे?" मी हात वर केला. माझी उंची तुला माहीत आहे. सीटवर बसले की पाय लोंबकळतात. त्यानं यादीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, पुन्हा यादीकडे पाहिलं, आणि गंभीरपणे म्हणाला, "बसा बाई. प्रवास फार लांबचा झाला असेल." मला वाटलं, चला, डोक्यानं बेताचाच आहे.

एक गोष्ट मी आधी विचारात घेतली नव्हती. नॉर्वेची असल्यामुळे मला दिवसभर तोंड उघडता येणार नव्हतं. दादा, मला! आणि तो काय काय फेकत होता म्हणून सांगू! जुन्या चेंडूच्या खेळात डोकं कुणाचं कापायचे, जिंकणाऱ्याचं की हरणाऱ्याचं, असं कुणी विचारलं तर इंग्रजीवाल्यांना एक सांगायचा आणि स्पॅनिशवाल्यांना दुसरं. दोन्ही गट खूश. (मधल्या सीटवर दोन्ही भाषा येणारी एक मुलगी होती, ती बिचारी दिवसभर वहीत खाडाखोड करत होती.) आपले आजोबा त्या पडक्या देवळांचे दगड पुन्हा रचायच्या कामावर होते, आणि पावसाच्या देवाचा एक मुखवटा आपण घाईत उलटा बसवला असं मरेपर्यंत सांगायचे, आठवतं? मी तो शोधून काढला. नाक वर केलेला एकच आहे. त्याच्याखाली उभा राहून हा सांगत होता की देव इथे आभाळाकडे पाहून पाऊस मागतो आहे. आजोबांच्या चुकीपुढे बावीस माणसं टोप्या काढून उभी होती. मला इतकं भरून आलं की कुणाला तरी सांगावंसं वाटलं, पण नॉर्वेचं नाव मध्ये आलं.

मग गुलाबी टोपीवाल्या एका गृहस्थांनी विचारलं की हे एवढं सगळं बांधणारे लोक शेवटी गेले कुठे, एकदम नाहीसे कसे झाले. विल्बेर्त म्हणाला, "किनाऱ्यावर गेले, साहेब, गाद्या घालायला. तुमची कालची चादर त्यांच्यातल्याच कुणीतरी ओढून बसवली असेल. एकदोन जण नॉर्वेलाही गेलेत म्हणतात." मी हसले. हसायचं नाही असं ठरवलं होतं, तरी हसले, आणि त्याचा खोकला केला. नॉर्वे त्याच्या तोंडात उगाच आलं असेल असं मी समजले. पुढे पिरॅमिडसमोर सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या (पायऱ्यांतून पक्ष्यासारखा आवाज उलटा येतो), तेव्हा माझे हात सवयीनं कोंबड्या हाकलतात तसे चालले. तो जाता जाता म्हणाला, "नॉर्वेत कोंबड्या बऱ्याच दिसतात." तरीही माझ्या डोक्यात प्रकाश पडला नाही. बेताचं डोकं कुणाचं होतं ते आता तूच ठरव.

जेवण मी नाकारलं. खड्ड्यात भाजलेलं डुक्कर म्हणून जे वाढलं होतं त्यानं आयुष्यात खड्डा पाहिला नव्हता, ते मला दारातून वासावर कळलं, आणि तोर्तिया मशीनच्या, त्याही गार. गुरुवारी नॉर्वेत उपास असतो असं मी हातवाऱ्यांनी सांगितलं. हा अभिमान मला पुढे किती महाग पडला ते वाच.

दुपारी डोहावर नेलं. आई सांगायची तसला, जमिनीच्या पोटातला, वरून मुळं लोंबणारा, तळ नसलेला. आता तिथे लाकडी जिना आहे, आधी नळाखाली उभं करतात आणि प्रत्येकाला तरंगायचं नारिंगी जॅकेट घालतात. पण डोह तोच आणि त्याचे न दिसणारे मालकही तेच, न विचारता पाण्यापाशी गेलेलं त्यांना खपत नाही. मी मक्याचे दाणे खिशातून नेले होते. सगळे आरडाओरडा करत पोहत होते तेव्हा मी फळीच्या टोकाशी जाऊन दाणे टाकले आणि हळूच म्हटलं, "मालकहो, एकच मागणं आहे. या पेचाला माझ्या पोरीच्या वाटेतून उचला. कुठेही न्या, पण उचला." त्यांनी ऐकलं. फक्त उचललं मला. फळी ओली होती, आणि मी डोक्यावर पाण्यात पडले.

वर आले तेव्हा नॉर्वे वाहून गेलं होतं. मी आपल्या भाषेत, आईकडून शिकलेल्या सगळ्या शब्दांसकट किंचाळले, "अरे गोचिडीच्या पोरा, काढ मला बाहेर!" आणि तो आला. बूट, टोपी, यादी, सगळ्यासकट त्यानं फळीवरून उडी घेतली, बुडाला, बराच वेळ दिसला नाही, मग माझ्या पाठीमागे वर आला आणि माझ्या जॅकेटला दोन्ही हातांनी असा चिकटला की मी खाली जायला लागले.

"फिलिबेर्ताकाकू, हलू नका! मला पोहता येत नाही!"

"तुला पोहता येत नाही?"

"हळू बोला काकू, कंपनीला माहीत नाही!"

"मग मेल्या, उडी कशाला मारलीस?"

"तुम्ही हाक मारलीत ना!"

आम्ही तसेच तरंगत राहिलो, मी खाली आणि पेच माझ्या मानेवर, दोघंही देवांची नावं घेत. शेवटी पहाऱ्यावरच्या माणसानं दोरी टाकली. अर्जेंटिनाच्या एक म्हाताऱ्या बाई नंतर मला येऊन सांगून गेल्या की नॉर्वेची भाषा कानाला फारच गोड लागते.

मी टॉवेलात गुंडाळून बसले, दातावर दात वाजत होते, पोट रिकामं. विल्बेर्त कपडे बदलायला जाता जाता म्हणाला, "माझ्या पिशवीत बघा काकू, काहीतरी खायचं असेल." मी पिशवी उघडली. मोठा गोड पाव होता, शेजारी चॉकलेटच्या वड्या. पावाला लाल रिबीन बांधलेली होती. ती मी दातांनी सोडली. दादा, मी चाळीस वर्षं लोकांच्या मागण्यांना जाते आहे, मुलाकडचा पाव मुलीच्या आईनं तोंडाला लावला की होकार झाला हे मला झोपेतही माहीत आहे, आणि तरी अर्धा पाव संपेपर्यंत माझ्या डोक्यात काही आलं नाही. भूक ही अशी वस्तू आहे. मान वर केली तर तो समोर कोरड्या सदऱ्यात उभा. त्याच्या आईनं शनिवारसाठी सकाळीच आणायला सांगितलेला पाव होता तो. विसरून खा म्हणाला की मुद्दाम, मला अजून समजलेलं नाही. मी विचारलं, "मला ओळखलंस कधी?" म्हणाला, "सकाळीच. लान्दीचं नाक आणि लान्दीची पँट." मग पुढचंही मीच विचारलं, किनाऱ्यावर केव्हा राहायला जाणार, म्हणून. त्यानं इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. कंपनीनं तीनदा खोली देऊ केली, त्यानं तीनदा नको म्हटलं. रोज गाडीत पाच तास जातात तरी रात्री गावी परत येतो. का, तर खोलीच्या खिडकीतून समुद्र दिसतो. पाण्याला इतका भितो, म्हणाला, की तिथे झोपच लागणार नाही.

मला त्या वेळी काय वाटलं ते मी तुला लिहिणार नाही. उरलेला पाव मात्र खाल्ला.

तरीही माझं मत बदललेलं नाही. मुलगा खोटं बोलतो, खोट्या नावानं वावरतो, पाण्यात दगडासारखा बुडतो, आणि आडनाव तर आहेच. मी नकारच देणार. वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझी धाकटी,
फिलिबेर्ता

ता. क. शनिवारी ती मंडळी येणार आहेत, म्हणून हे पत्र आज रात्रीच गाडीवाल्याच्या हाती पाठवते आहे, तू शुक्रवारच्याच गाडीनं निघ. लान्दीच्या बाबांच्या जागी तुलाच बसायचं आहे. रीतीप्रमाणे दोनदा नकार द्यायचा आणि तिसऱ्यांदा ऐकून घ्यायचं. माझ्या पोटात त्यांचा पाव गेलेला असल्यामुळे नकार माझ्या तोंडी शोभणार नाही. तू अजून काही खाल्लेलं नाहीस, तू दे.

ता. क. येताना मेरिदाहून तसाच एक गोड पाव लाल रिबीन बांधून आण, आणि मागच्या दारानं विल्बेर्तकडे दे. त्यानं आईला पाव पाण्यात पडला असं सांगितलं आहे. (बघितलंस? खोटं बोलतो. पण माझ्यासाठी बोलला.) त्याला पोहता येत नाही हे वहिनींनासुद्धा सांगू नकोस, नोकरी जाईल.

ता. क. पहिला नकार तुझ्या नेहमीच्या आवाजात दे, हरकत नाही. दुसरा जरा हळू. पोरगा भित्रा आहे, खरं मानून बसेल. आणि उठून निघालाच, तर त्याचा हात धर. मीच धरला असता, पण मुलीच्या आईनं धरायचा नसतो.