हिरासिंग बाहेर येईल तेव्हाची व्यवस्था

मी, तारा राधाकृष्ण पाठक, वय एकाहत्तर, निवृत्त विज्ञान शिक्षिका, राहणार कनेरगाव नाका, जिल्हा हिंगोली, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझं डोकं ठिकाणावर आहे. तसा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. हृदयाबद्दल मात्र ते तसं म्हणाले नाहीत. माझ्यावर कुणाचाही दबाव नाही. पुतण्याचा होता, तो मी मानला नाही.

कलम १. नाक्याजवळचं माझं दोन एकर शेत आणि त्यातली सिमेंटची खोली मी हिरासिंग भिकू आडे यास देते. हिरासिंग आज त्या खोलीतच आहे. त्याला आत जाऊन एकोणीस वर्षं झाली. त्याच्या लेखी अजून साडेसहा मिनिटंही झालेली नाहीत. हे वाचणाऱ्याला समजावं म्हणून थोडं सविस्तर लिहिते.

हिरासिंग नाक्यालगतच्या तांड्यावरचा. विहिरींवरच्या जळालेल्या मोटारी तो नवी तार गुंडाळून भरून द्यायचा. २००३ साली माझी मोटार भरून आणली आणि म्हणाला, "बाई, वेढे चुकून उलटे पडले. मोटार चालू केली, तं बाजूचं घड्याळ मागं पडून राहिलं. काहून?" पंचवीस वर्षं शिकवूनही मला त्याचं उत्तर येईना. तिथून आम्हा दोघांचे प्रयोग सुरू झाले. त्याने तसेच उलटे वेढे शेतातल्या खोलीभोवती घातले. आधी तिच्यात हळदीचे कंद ठेवले, मग अंडी. पंधरा दिवसांनी काढलेलं अंडं नुकतंच घातल्यासारखं कोमट निघालं. एकदा घाई करून मध्येच वायर तोडली, तेव्हा आतलं अंडं कोळसा झालं. म्हणून या कलमाची अट अशी की, खोलीचं दार आपणहून सुटेपर्यंत कुणीही भिंत, काच वा वायर यांना हात लावू नये. एकदा सुरू झाल्यावर तिला बाहेरून वीजही लागत नाही.

१५ जानेवारी २००७ रोजी सकाळी हिरासिंग स्वतः आत बसला. त्याने आत दहा मिनिटं काढायची, बाहेर एक तास जायचा, असं ठरलं होतं.

कलम २. हे कलम म्हणजे कबुलीजबाब आहे. आजवर मी सगळ्यांना सांगत आले की, आतला वेळ किती मंद करायचा ते ठरवणाऱ्या बाहेरच्या तबकडीचा काटा हिरासिंगनेच चुकीचा लावला. ते खोटं आहे. त्याने काटा बरोबर लावला होता. दार बंद झाल्यावर मी तो एक खूण पुढे सरकवला. तासाऐवजी एक दिवस जाईल, असा माझा हिशेब. एवढं केल्यावर काय होतं, ते मला बघायचं होतं. दुसरं काहीही कारण नव्हतं. मग काचेतून त्याच्या मनगटावरचं घड्याळ पाहिलं. सेकंदाचा काटा एक घर सरकायला अठरा दिवस लागले. म्हणजे त्याच्या दहा मिनिटांना आमची तीस वर्षं. अंड्याचा कोळसा आठवून काटा मागे घ्यायला मी धजले नाही. तो जानेवारी २०३७ मध्ये बाहेर येईल, वय चौतीसच. त्याची मुलगी शितल तेव्हा पस्तीस वर्षांची असेल.

मागच्या संक्रांतीला मी हे त्याच्या पत्नी रुख्मिणीबाईंना सांगितलं. त्या शेंगा सोलत होत्या. हात थांबला नाही.

"मला ठाऊक हाय, बाई."

"कधीपासून?"

"पयल्याच महिन्यापासून. मी रोज काचेपाशीच बसलेली न्हाई का? त्यांचं बोट काट्याकडं व्हतं. तोंडातून 'काहून' निघायला अकरा दिवस लागले. माझ्यासमोरच निघालं."

"मग बोलल्या का नाहीत?"

"बोलले असते तं तुमी लाजेनं गाव सोडून गेल्या असत्या. मंग खोलीची राखण कोन केली असती?"

मी त्यांच्यासमोर रडले. त्यांनी शेंगांचं सूप माझ्याकडे सरकवलं. आम्ही दोघींनी मिळून सोलल्या.

कलम ३. हिंगोलीचं घर पुतण्या अनिरुद्ध यास. शेतात त्याचा काडीचाही हक्क नाही. मागच्या दिवाळीत तो ढाब्यासाठी गिऱ्हाईक आणि जेसीबी घेऊन आला होता. "आत्या, तो माणूस कायद्याने जिवंत आहे का?" असं विचारलं. तो तुझ्यापेक्षा सावकाश आहे, एवढाच फरक, असं मी सांगितलं. बेपत्ता माणसाला सात वर्षांनी मयत ठरवून घेता येतं, हे मलाही माहीत आहे. रुख्मिणीबाईंनी तसा अर्ज कधीच केला नाही.

कलम ४. प्रयोगाच्या सर्व वह्या, कॅमेरा आणि रोज एक याप्रमाणे काढलेले फोटो शितलला. २०३७ पर्यंत शेताची आणि खोलीची व्यवस्था तीच पाहील. ती पदार्थविज्ञान शिकली, हे माझ्यामुळे की माझ्याविरुद्ध, ते तिने कधी सांगितलं नाही. तिने पुन्हा प्रयोग करावा की करू नये, याबद्दल मी काहीही लिहीत नाही. मात्र केला, तर काटा आतल्या माणसाच्या हाती असावा.

कलम ५. माझं राहतं घर रुख्मिणीबाईंना. खोली तिथून दिसते.

हिरासिंगला बाहेरचं जग दिसतं, पण सगळं पुसट, पळतं. त्याला एक सेकंद दिसायचं, तर अठरा दिवस एका जागी उभं राहावं लागतं. गेल्या महिन्यात रुख्मिणीबाई म्हणाल्या, "मी म्हातारी झाले, बाई. एकदम पाहतील तं भितील. आधीच दिसून घेते." आणि उभ्या राहिल्या. सकाळपासून दिवेलागणीपर्यंत, काचेसमोर, त्याच फरशीवर, हिरवं लुगडं नेसून. मी खुर्ची दिली, ती घेतली नाही. अठराव्या दिवशी त्यांचे पाय सुजले होते.

त्यानंतर नऊ दिवस काहीच झालं नाही. दहाव्या दिवशी शितलने फोटो शेजारीशेजारी ठेवून दाखवले. हिरासिंगचा उजवा हात गुडघ्यावरून बोटभर उचलला गेला आहे. कालच्या फोटोत दोन बोटं. तो हात डोळे पुसायला उठतोय, की जवळ बोलवायला, की नुसता घाम टिपायला, ते अजून कळत नाही. कळेपर्यंत थांबले असते, पण वकीलबाई आजच आल्या आहेत.

वरील मजकूर मी वाचून पाहिला, तो माझाच आहे.

सही: तारा राधाकृष्ण पाठक

आमच्यादेखत सही केली:
१. पद्माबाई केशव मुळे, कनेरगाव नाका
२. स्वप्निल दत्तराव गायकवाड, कनेरगाव नाका

ठिकाण: कनेरगाव नाका
दिनांक: २४ फेब्रुवारी २०२६