मायचा तळवा

मुंबई, रविवार, १९७५

"हातानं काढलेल्या चित्राले हात काहून लावाचा नाही?" मायनं आज हे मला विचारलं, घरातल्या पहिल्या बी.ए. झालेल्या तिच्या लेकीला.

नव्या चित्रांच्या गॅलऱ्या दाखवणाऱ्या एका बाईंसोबत आज आम्ही घोळक्यानं पायी हिंडलो. एका चित्रातल्या जाड, मातकट रंगावर मायनं अलगद तळवा टेकवला. गावी, किन्हीराजाला, भिंत सारवल्यावर टेकवते, अगदी तसाच. बाई ओरडल्या.

"वाळलं का नाही, पाहून राह्यली होती," माय म्हणाली. सगळे हसले. एवढं काय हसायचं त्यात?

तिनं तो हात पदराखाली घेतला. पुढच्या गॅलरीच्या दारात म्हणाली, "तू जाय बापा, मी पायरीवर बसतो."

पदराखालचा तो हात मला बघवेना. मी तो बाहेर ओढला, घट्ट धरला आणि तिला घेऊन आत गेले, सगळ्यांच्या पुढे.