दीड बोट

१४ मार्च, गुरुवार दुपार

प्रिय दादा,

तुला आणि वहिनीला नमस्कार. आम्ही बरे आहोत. आईचा गुडघा आता जिना चढू देतो. तुझा डावा पाय कसा आहे, हे विचारायला मला सहा वर्षं लागली, आज विचारते.

खुशालीच्या आणखी चार ओळी लिहिणार होते, पण हात थांबत नाहीये. दादा, मंगळवारी सकाळी साडेदहाला आपली शिळा उचलली गेली. माझ्या बाजूने, दीड बोट. मुकादम दोन म्हणतात, मी दीडच पाहिलं.

हे पत्र आणखी एकजण वाचणार आहे, म्हणून तुला पाठ असलेलंही नीट लिहिते, कंटाळू नकोस. दुहाती दगड एकट्याने हलत नाही. दोन टोकांना दोघं लागतात, आणि तो कुठे ठेवायचा ती जागा दोघांच्या मनात एकच असावी लागते. असली, की बाराजणांना न हलणारी शिळा उशीसारखी होते. नसली, की दगड तो दगडच. गावातले पूल, जिने, दवाखान्याच्या भिंती, सगळं असं दोघादोघांनी उभं केलेलं आहे. म्हणून तर उचलण्याआधी एकाने "कुठे?" विचारायचं आणि दुसऱ्याने खुणेवर बोट ठेवून "इथे" म्हणायचं, ही आपल्या धंद्याची रीत.

आठवतं, लग्नानंतर तू हौसेने वहिनीला जोडीदार करायला निघाला होतास? पाटाएवढा तुकडा हलेना. वहिनी म्हणाली, "अहो, कपाट कुठे ठेवायचं यावर आपलं आठ महिने जमलं नाही, हा दगड काय आपलं ऐकणार?" मग जोडी आपली दोघांचीच राहिली. चौदा वर्षं, एकही शिळा पडली नाही. पडली ती शेवटची.

पडलेली शिळा रुसते, पुन्हा कुणालाच उचलू देत नाही. आपली दवाखान्याच्या अंगणात तशीच आहे. जिना तिच्याविना पुरा केला. मंगळवारी मी तिथे नव्या उताराची मापं घ्यायला गेले होते. सहज तिच्या टोकाला हात लावला.

मुकादम म्हणाले, "बाई, तिचा नाद सोडा. सहा वर्षं लोक तिच्यावर बसून चहा पितायत."

मी त्या वेळी जिन्यावरच्या जागेचा विचार करत होते. तू दाखवलेल्या खुणेचा. आणि टोक वर आलं. वरचा चहाचा पेला घसरून फुटला. मुकादम पलीकडे धावले. "कोण उचलतंय इकडून?" कोणीच नव्हतं. ते शिळेखाली वाकून बघायला लागले. मी ओरडून त्यांना बाजूला केलं.

याचा अर्थ तुझ्या लक्षात आला का? जोडीदाराचा हात लागतच नाही. मन पुरतं, आणि तेही इतक्या लांबून. किती जणांच्या जोड्या कुणी आजारी पडलं, कुणी गाव सोडलं म्हणून मोडल्या. ती सगळी माणसं पुन्हा कामाला उभी राहतील. बुधवारी मी सहा वेळा करून पाहिलं. दोनदा उचलली, चारदा नाही. दोन्ही वेळा टिपून ठेवल्या आहेत: सव्वानऊ आणि पाच वाजून दहा मिनिटं. तेव्हा तू काय करत होतास? पुस्तकं बांधताना हात चालू असतात आणि मन मोकळं असतं, असं वहिनीने आईला लिहिलं होतं.

'तू दाखवलेली खूण' असं मी वर लिहिलं. दोघांची खूण एकच असते, मग तुझी वेगळी कशी, हे वाचणारा विचारणारच.

शिळा पडली त्या दिवशी मी "कुठे?" विचारलं, तू बोट ठेवून "इथे" म्हणालास, मी मान डोलावली. माझ्या मनात मात्र जागा वीतभर डावीकडे होती. सकाळी मी एकटीने माप घेतलं होतं आणि तू चुकलास असं मला वाटत होतं. तोंडाने सांगितलं नाही. शिळा एकदा हवेत आली की हळूच सरकवू, मग तुलाही पटेल, असा हिशेब होता. ती तुझ्या पायावर आली. संध्याकाळी मी माझी मापाची टेप पाहिली. तिचं पहिलं टोक वीतभर तुटलेलं होतं. तुझी खूण बरोबर होती.

चौकशीत मला विचारलं, "तुमच्या मनात कुठली जागा होती?" मी म्हणाले, "दादाने दाखवली तीच." म्हणजे मन हललं ते तुझं, असं ठरलं आणि तुझा परवाना गेला. घाबरले होते असं लिहिणं सोपं आहे. खरं म्हणजे मला तुझ्याहून हुशार ठरायचं होतं, आणि नंतर चुकलेली ठरायची तयारी नव्हती. शिळा हलली नसती तर हे लिहिलं असतं का? बहुधा नाही. हेही लिहून ठेवते.

काल परवाना कचेरीत खरा जबाब दिला. कारकून म्हणाले, "यात तुमचा परवाना जाईल, कळतंय ना?"

"कळतंय."

"मग दोन प्रती द्या. आणि पत्र लिहिणार असाल तर त्याचीही."

सोमवारी अकरा वाजता अधिकारी शिळा पाहायला येणार आहेत. मी माझ्या टोकाला हात लावून उभी असेन. त्या वेळी तू ती जागा मनात आणलीस तर शिळा उचलली जाईल, आणि तुझं मन तिथून कधीच हललं नव्हतं हे त्यांच्या डोळ्यांना दिसेल. नाही आणलीस तरी माझा जबाब मागे घेणार नाही. तुझ्यावर कसलीच बळजबरी नाही.

एक गोष्ट मला काल रात्री जेवताना कळली, आणि घास हातातच राहिला. तुझं मन हललं नव्हतं हे तुला ठाऊक होतं. म्हणजे कुणाचं हललं, तेही पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. चौकशीत तू माझं नाव घेतलं नाहीस.

तुझ्या गप्प राहण्याच्या आडोशाला सहा वर्षं काम करत राहिलेली,
तुझी धाकटी बहीण