मुलांच्या यादीत प्रज्ञा

१३ जुलै, रविवार
जेवणं झाल्यावर कन्सोल लावला. होडीच्या गेमवर कुलूप. सगळ्याच गेमवर कुलूप. खाली लिहून आलं, तुम्ही आता या फॅमिली ग्रुपमध्ये नाही.
आधी वाटलं नेट गेलं. मग नागपुरात प्रज्ञाले फोन लावला. उचलला अमोलनं. माझ्या या लहान बहिणीचा नवरा, लग्नाले पावणेदोन वर्षं झाली.
"जयभीम ताई. हो, मीच केलं. तिचा जुना ग्रुप बंद. आता माह्या नावानं नवीन बनवतो, सबस्क्रिप्शन बी त्यातच. तुम्हाले बी टाकतो ना. एका हातात असलं तं सोपं जाते."
प्रज्ञाले द्या म्हटलं.
"ती कामात आहे."
आवाज नेहमीसारखाच, गोड.
आई हेडफोन कानाले लावून बसलीच होती. "आज पोरीचा आवाज कावून नाही येऊन राहिला?"
नेट नाही म्हणून सांगतलं.

१५ जुलै
ड्युटीवर, भिलाई-3 च्या रेल्वे यार्डात, सकाळपासून तीन मालगाड्या लागल्या. वॅगनचे नंबर उतरवताना दोनदा चुकली. साहेबांनी पाहिलं.
डोक्यात तेच. बाबा स्टील प्लांटमधून रिटायर झाले तेव्हा हा कन्सोलचा डब्बा घेऊन आले. दोघींत एक, भांडू नका, म्हणाले. मी तेव्हा एकतीसची, प्रज्ञा पंचवीसची. इथले मरोद्यातले शेजारी हसले, पोरी लग्नाच्या झाल्या अन् बाप खेळणं आणून राहिला. वर्षभरात बाबा गेले.
लग्नानंतर प्रज्ञानं नागपुरात दुसरा घेतला. ग्रुप एकच ठेवला, तिच्या नावाचा. तिचे गेम इथं चालत, माझे तिथं. दर रविवारी दुपारी दोघी एका होडीत. एकीनं वल्हं मारायचं, दुसरीनं सुकाणू धरायचं. खेळ कमी, गप्पा जास्त. मधात आई हेडफोन हिसकून भाजी काय केली ते इचारायची. फोनवर प्रज्ञा नुसती "हो, ठीक, बरं" करते, कारण तो बाजूले बसला राहते. हेडफोनवर बोलायची.
बोलायची, असं लिहून गेली.

२० जुलै
अमोलचं बोलावणं आलं. हो दाबलं. गेमवरची कुलपं गेली.
मग सहज यादी उघडली, कोण कोण आहे पाहायले. वर अमोल, समोर "प्रमुख". खाली मी, समोर "पालक". हे त्यानं चुकून टाकलं असंल. त्याच्या खाली एक रेघ, अन् रेघेखाली "मुलं".
मुलांत एकच नाव. प्रज्ञा. वय ९.
एकोणतीस वर्षांची आहे. बी.एड. आहे. सातवीले गणित शिकवते.
नावावर दाबलं. रोज अर्धा तास. बोलणं बंद. मेसेज बंद. नवीन ओळख पालकांच्या परवानगीनं.
आईले नाही सांगतलं.

२१ जुलै
डबा खायच्या सुट्टीत अमोलले फोन. तो हसला.
"ताई, मोठ्या माणसाले लिमिट लावताच येत नाही त्याच्यात. म्हणून वय कमी टाकलं. जुगाड आहे. तिले टाईमचं भान राहत नाही, घरची कामं तशीच पडून राहतात. अन् तिनंच म्हटलं, टाका. इचारा तिले, स्पीकरवर आहे."
"हो ताई," प्रज्ञा म्हणाली. "मीच म्हटलं."
"तू या वेळी घरी कशी? शाळा?"
"सोडली. जूनमध्येच."
जूनमध्ये. त्यानंतर चार रविवार आम्ही होडीत बसलो. एक शब्द नाही सांगतला तिनं. म्हणजे मले वाटत होतं की हेडफोनवर ती सगळं…
"आईचा गुडघा कसा आहे?" तिनं इचारलं. बरा आहे म्हटलं. बरा नाही.

२७ जुलै, रविवार
ती आली. आवाज नाही. पडद्यावर तिचा पिवळ्या टोपीचा माणूस होडीत येऊन बसला. मी सुकाणू धरलं, थांबली. तिनं वल्हं उचललंच नाही.
होडी काठालेच. मी बी काही दाबलं नाही. दोघी तशाच बसून राहिलो. गेममध्ये ढग सरकत होते, पाण्याचा आवाज येत होता. आई म्हणे, "अडकलं का?" म्हटलं, हो, अडकलं.
बरोबर अर्ध्या तासानं पिवळी टोपी गायब. ना टाटा, ना काही. होडी एका बाजूनं उचलली गेली.

३ ऑगस्ट, रविवार
आज ती वल्हं मारून राहिली होती. हळू, पण मारून राहिली होती. अर्धा तास संपला, गेली. मी बंद करणारच होती, तं पडद्यावर आलं, प्रज्ञानं आणखी वेळ मागितला आहे. द्यायचा का?
मी पालक ना. माह्याकडं बी येते ते.
आई म्हणाली, "दे ना वो. इचारून काय राहिला तो डब्बा?"
एक तास दिला. दोन मिनिटांत परत आली, अन् मग जे वल्हं मारलं तिनं. खडकांमधून काढली होडी, तो भोवरा आला जिथं दरवेळी बुडतो, तिथून बी काढली. त्याच्या पुढं आम्ही कधी गेलोच नव्हतो. पुढं मोठं पाणी होतं, मरोद्याच्या तलावासारखं, काठावर दिवे. आई पुढं सरकून बसली. "आता हसून राहिली असंल ती," म्हणाली.
चाळीस मिनिटं झाली होती. मग एकदम गेली. या वेळी वेळ संपून नाही. वीस मिनिटं बाकी होती, मी पाहिलं.

४ ऑगस्ट
यार्डात उभी होती तेव्हा अमोलचा फोन. आवाज चढला नव्हता.
"ताई, काल तुम्ही तिले टाईम दिला. मले सगळा रिपोर्ट येते. आमच्या घरचे काही नियम आहेत. तुम्ही ग्रुपमध्ये पाहुण्या आहात ना."
"ती लहान पोरगी आहे का, अमोल?"
"तेच तं. तुम्ही लाड करता, मंग मले इथं दिवसभर सुधारत बसावं लागते."
बाजूनं मालगाडी निघाली, पुढचं ऐकू नाही आलं. मी "काय? काय म्हणालात?" करत राहिली. तोवर त्यानं ठेवला.
घरी येऊन पाहिलं तं मले ग्रुपमधून काढलं होतं. प्रज्ञाचा फोन बंद येते. कालपासून बंद असंल.
हो मी दाबलं. त्याचं काय झालं तिकडं, मले माहीत नाही. चाळीस मिनिटांचं.

१० ऑगस्ट, रविवार
दोन वाजता आई टीव्हीसमोर खुर्ची ओढून बसली. मी कन्सोल लावला नाही तं म्हणाली, आज बी नेट नाही का.
मग सांगतलं. ग्रुप, मुलांची यादी, वय ९, शाळा, सगळं. आई म्हणाली, "मीच हो म्हटलं होतं त्या स्थळाले. पोरगा शांत आहे म्हणून."
पोलिसात जायचं का, मी म्हटलं.
"अन् काय लिहून देशील? गेमचा टाईम कमी केला?"
मी हेडफोन गुंडाळून ठेवला.
"तू जाय," आई म्हणाली. "मी राहीन एकटी. जाऊन ये तिच्याजवळ."

१६ ऑगस्ट, शनिवार
नागपूर. न सांगता गेली. दारावर कॅमेरा. बेल मारायच्या आधीच आतून अमोलचा आवाज, "ताई आल्या बघ."
प्रज्ञानं दार उघडलं. वाळली आहे. मिठी मारली, पण लवकर सोडली.
अमोलनं चांगलं बसवलं, पंखा वाढवला. मोबाइल दाखवला, म्हणे आमच्याकडं सगळं एकाच जागी आहे ताई, दार, टीव्ही, कन्सोल, तिचा फोन. बोटानं सरकवून सरकवून दाखवत होता. "या आठवड्यात शून्य तास. मीच म्हटलं, थोडा ब्रेक घे." कौतुकानं बोलत होता. मले खरंच वाटते त्यात त्याले काही चूक दिसत नाही.
चहाले साखर नव्हती. दुकान खालीच आहे. प्रज्ञानं त्याच्याकडं पाहिलं. "मी आणतो," म्हणाला, अन् जाताना दार बाहेरून लावून गेला. सवयीनं लावतात तसं.
मी म्हटलं, "चल. आत्ता."
"दार बंद आहे ताई."
"मंग तो आल्यावर. त्याच्यासमोर चल."
"आज नको."
"मंग कधी?"
तिनं तांदळाचा डबा सरकवून मागून प्लॅस्टिकची पिशवी काढली. मार्कशीट, डिग्री, आधार कार्ड, शाळेचं अनुभवाचं पत्र. "हे तुझ्याजवळ ठेवजो. लवकर, पर्समध्ये नको, तो पर्स पाहते." मी कुर्त्याच्या आत, कमरेले खोचली. डिग्रीले घडी पडली.
"त्या रविवारी काय केलं त्यानं?"
"काही नाही केलं. बोलला नाही चार दिवस. मी घरातच नाही असं वागला. मारते असं नाही ताई, समजून घे." मग म्हणाली, "मले बी कधी कधी वाटते, खरंच मी लहानच आहे."
लिफ्टचा आवाज आला. ती गॅसकडं वळली.
चहा घेतला. गोड होता.

१७ ऑगस्ट
घरी. आईनं एकेक कागद उलटून पाहिला. तिले वाचता येत नाही, तरी. डिग्रीची घडी हातानं सपाट करत बसली.
"कागद देल्ले म्हणजे येईल ना ती?"
हो म्हटलं.

२० ऑगस्ट
महिलांच्या हेल्पलाइनले फोन केला. बाई नीट बोलल्या, सगळं ऐकलं. म्हणाल्या, बहिणीनं स्वतः एकदा बोललं पाहिजे, एवढं करा. तिचा फोन तिच्या हातात नाही म्हटलं. त्या म्हणाल्या, भेटून तिले हा नंबर पाठ करायले सांगा.

२४ ऑगस्ट, रविवार
अकरा वाजता अमोल.
"जयभीम ताई. एक इचारायचं होतं. प्रज्ञाचे कागद तुमच्याकडं तं नाही आले?"
"कोणते कागद?"
"डिग्री, आधार वगैरे. बँकेच्या कामाले पाहिजे होते."
"नाही."
एवढंच. आवाज स्थिर होता माझा, असं मले वाटते.
"असं का? मंग घरातच असतील कुठी. ती शोधूनच राहिली सकाळपासून. सापडेपर्यंत शोधंल."
त्याच्या मागं कपाटाचं दार उघडल्याचा आवाज, काहीतरी खाली ठेवल्याचा, परत उघडल्याचा. तिले माहीत आहे कागद तिथं नाहीत. तरी शोधून राहिली.
फोन ठेवल्यावर आई इचारत होती, कोण होतं, काय म्हणे. साहेबांले सुट्टीचं सांगतलं. उद्या सकाळच्या गाडीनं नागपूर.
कागद सोबत नेले अन् त्यानं माह्याजवळ पाहिले तं. नाही नेले तं ती शोधतच राहंल, का म्हणंल, चल, आता चल. बॅग भरली आहे. पिशवी अजून आईच्या मांडीवरच आहे.